फुजीच्या पायथ्याची पाच सरोवरे : खासगी गाडी आणि गाइड घेऊन एका दिवसाची सहल कशी ठरवावी

फुजी पर्वत ३,७७६ मीटर उंच आहे, आजूबाजूला त्याच्या खांद्याला लागेल असा दुसरा डोंगर नाही, आणि तरीही पायथ्यापर्यंत जाऊन तो न पाहताच परतणारे प्रवासी पुष्कळ असतात. कारण ढग. सकाळी सात वाजता लख्ख दिसणारे शिखर दहा वाजता कमरेपर्यंत झाकलेले असते, आणि दुपारी बाराला तेथे डोंगर आहे हे कोणीतरी सांगावे लागते. पावसाळ्यात महाबळेश्वरच्या पॉइंटवर उभे राहून ज्यांनी पांढऱ्या भिंतीचे फोटो काढले आहेत त्यांना हे वेगळे समजावण्याची गरज नाही. खासगी गाडी आणि गाइड यांवर खर्च करण्याचे खरे कारणही हेच आहे. पर्यटकांच्या मोठ्या बसला ठरलेला क्रम पाळावाच लागतो, आपली गाडी मात्र आभाळाकडे पाहून क्रम बदलू शकते. हा क्रम बदलण्याचा हक्क जर आपण आधीच ठरवून घेतला नाही, तर आपण केवळ महागडी आसने विकत घेतली असे होते.

माझी पहिली सहल ऑगस्टमधली, रविवारची, आणि निघण्याची वेळ सकाळी नऊची. या तिन्ही गोष्टी चुकलेल्या आहेत हे मला त्या दिवशी टप्प्याटप्प्याने समजत गेले. छापील कार्यक्रमात सात ठिकाणे होती. सरोवराकाठी पोहोचलो तेव्हा एक वाजत आला होता आणि समोर फक्त पाणी होते. चारच्या सुमारास, परतीच्या रस्त्याला लागल्यावर, मागच्या काचेतून शिखराचा एक तुकडा उघडा झालेला दिसला. गाडी पाच मिनिटे थांबवता येईल का, असे विचारले, तेव्हा चालकाने अत्यंत नम्रपणे सांगितले की कार्यक्रमात तसे नाही. पुढे जे लिहिले आहे ते त्यानंतरच्या, बऱ्या जमलेल्या सहलींवरून लिहिले आहे.

एक खुलासा आधीच करतो. आपल्याकडे ‘फुजियामा’ हे नाव रुळले आहे. जपानी माणसे ‘फुजी-सान’ म्हणतात, परंतु त्यातला ‘सान’ हा माणसांच्या नावापुढे लावला जाणारा आदराचा ‘सान’ नव्हे. तो ‘पर्वत’ या अक्षराचा दुसरा उच्चार आहे.

पहिली पायरी : एकच भाग निवडणे

टोकियोहून एका दिवसात डोंगर आणि सरोवर एकत्र पाहता येतील असे तीन भाग आहेत, आणि नवखा प्रवासी पहिली चूक येथेच करतो, ती म्हणजे दोन भाग एका दिवसात कोंबण्याची.

पहिला भाग फुजीच्या उत्तरेचा, म्हणजे यामानाशी प्रांतातील पाच सरोवरांचा. दुसरा हाकोने. तेथे आशिनोको हे सरोवर आहे, सुमारे ३,००० वर्षांपूर्वीच्या ज्वालामुखी स्फोटाने डोंगराचा एक भाग कोसळून नदी अडली आणि ते तयार झाले. शिवाय ओवाकुदानी या दरीतून आजही गंधकाची वाफ निघत असते. तिसरा निक्को. तेथील चुझेन्जी सरोवर समुद्रसपाटीपासून १,२६९ मीटर उंचीवर आहे, त्याचे पाणी ९७ मीटर उंचीच्या केगोन धबधब्यावरून खाली पडते, आणि तेथे चढणाऱ्या इरोहाझाका घाटाला ४८ वळणे आहेत. ज्यांना गाडी लागते त्यांनी हा आकडा लक्षात ठेवावा.

फुजी पाहायचा असेल तर उत्तरेचा भाग घ्यावा. हाकोनेहूनही फुजी दिसतो, पण तेथे तो मधल्या डोंगरांच्या मागून डोकावतो. त्या भागाची खरी ओढ म्हणजे रोपवे, गरम पाण्याची कुंडे आणि ओवाकुदानीची काळी अंडी. या अंड्यांचे कवच तेथील पाण्यातील लोह आणि गंधक यांच्या संयोगाने काळे पडते, आत ती साध्या उकडलेल्या अंड्यासारखीच असतात, आणि एक खाल्ल्याने आयुष्य सात वर्षांनी वाढते अशी तेथील समजूत आहे. दमा किंवा हृदयविकार असलेल्यांनी आणि गर्भवती स्त्रियांनी मात्र त्या वाफेच्या जवळ जाऊ नये, असे फलक तेथेच लावलेले असतात. ‘फुजी आणि हाकोने एका दिवसात’ अशा जाहिराती दिसतात. त्या खोट्या नसतात, फक्त त्या दिवसातला मोठा भाग गाडीत जातो.

जपानी आल्प्समधील कामिकोची हे चौथे नाव अनेकदा सुचवले जाते. १९१५ मध्ये याकेदाके ज्वालामुखीच्या उद्रेकाने आझुसा नदी अडली आणि तेथील ताइशो तळे तयार झाले. जागा अप्रतिम आहे, पण ती टोकियोहून एका दिवसाची नव्हे. मात्सुमोतोला मुक्काम करावा. शिवाय कामिकोचीच्या रस्त्यावर खासगी वाहनांना बंदी असल्याने शेवटचा टप्पा बस किंवा टॅक्सीने करावा लागतो, आणि मध्य एप्रिल ते १५ नोव्हेंबर एवढ्याच काळात तो भाग खुला असतो.

यापुढचा मजकूर पाच सरोवरांबद्दल आहे.

सरोवरांची थोडी ओळख

गाइड बोलू लागला की नावांचा गोंधळ होतो, म्हणून ही माहिती आधीच असलेली बरी. नावाच्या शेवटचा ‘को’ म्हणजे सरोवर. पूर्वेकडून यामानाकाको, कावागुचिको, साइको, शोजिको आणि मोतोसुको अशी ही पाच आहेत. यामानाकाको सर्वांत मोठे, शोजिको सर्वांत लहान, आणि मोतोसुको सर्वांत खोल, सुमारे १२१ मीटर. कावागुचिकोच्या काठी हॉटेले, रेल्वे स्थानक आणि गर्दी आहे. पश्चिमेकडे जावे तशी वस्ती विरळ होत जाते.

पश्चिमेची तीन सरोवरे पूर्वी एकाच मोठ्या जलाशयाचा भाग होती. इ. स. ८६४ मध्ये फुजीच्या बगलेतून लाव्हा बाहेर पडला, त्याने त्या जलाशयाचा बहुतेक भाग भरून काढला आणि साइको व शोजिको वेगळे झाले; मोतोसुको त्याआधीच वेगळे झालेले होते. त्या लाव्हावर पुढे जे जंगल वाढले ते आजचे आओकिगाहारा. तीन सरोवरे वेगळी दिसत असली तरी त्यांच्या पाण्याची पातळी जवळपास सारखीच राहते, कारण खालून ती जोडलेली आहेत असे मानले जाते. ही गोष्ट मला नकाशावर कधी कळली नव्हती. एका गाइडने गाडीच्या वाफ धरलेल्या काचेवर बोटाने आधी एक मोठे वर्तुळ काढले, मग तळव्याने त्याचा मधला भाग पुसला, आणि उरलेल्या तीन तुकड्यांना नावे दिली. चांगला गाइड कशासाठी घ्यायचा, ते अशा वेळी समजते.

दुसरी पायरी : महिना आणि वार

फुजी सर्वाधिक दिसतो तो थंडीत, नोव्हेंबरच्या उत्तरार्धापासून फेब्रुवारीपर्यंत, कारण त्या दिवसांत हवा कोरडी असते. जून ते मध्य जुलै हा तेथील पावसाचा हंगाम आणि त्यानंतरचा ऑगस्ट दमट. या काळात डोंगर सकाळीच काय तो दिसतो, तोही नशीब असल्यास. दुर्दैवाने आपल्याकडील शाळांच्या सुट्ट्या मे महिन्यात असतात. मे हा काही वाईट महिना नाही, परंतु एप्रिलच्या अखेरीपासून मेच्या पहिल्या आठवड्यापर्यंत जपानी लोकांची सलग सुट्ट्यांची ‘गोल्डन वीक’ असते आणि त्या दिवसांत रस्त्यावरच दुपार होते.

साकुरा, म्हणजे चेरीचा बहर, पाहण्यासाठी जाणाऱ्यांनी लक्षात ठेवावे की कावागुचिको सुमारे ८३० मीटर उंचीवर असल्यामुळे तेथील बहर टोकियोनंतर, साधारण एप्रिलच्या मध्याकडे येतो. मॅपलची पाने तेथे नोव्हेंबरच्या पहिल्या-दुसऱ्या आठवड्यात लाल होतात. फोटोंमधला बर्फाची टोपी घातलेला फुजी उन्हाळ्यात नसतो, तेव्हा तो तांबूस-करडा, उघडा डोंगर असतो. टोपी साधारणपणे ऑक्टोबरच्या सुरुवातीला चढते, पण २०२४ मध्ये ती ७ नोव्हेंबरला चढली, आणि १८९४ पासूनच्या नोंदींत एवढा उशीर कधी झाला नव्हता.

वार मंगळवार ते गुरुवार यांपैकी असावा. रविवारी संध्याकाळी टोकियोकडे परतणाऱ्या गाड्यांची चुओ महामार्गावर, विशेषतः कोबोतोके बोगद्याच्या अलीकडे, जी रांग लागते ती पाहिली की मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावरचा रविवार आठवतो.

जपानमध्ये आठवडाभर असाल तर सहलीसाठी एक दिवस पक्का आणि दुसरा राखीव ठेवावा, आणि दिवस बदलण्याची मुभा किती तास आधीपर्यंत आहे हे लेखी विचारून घ्यावे. आदल्या रात्री हवामानाचा अंदाज पाहावा, परंतु सरोवराकाठी बसवलेल्या थेट प्रक्षेपणाच्या कॅमेऱ्यांवर अधिक विश्वास ठेवावा. टोकियोत पाऊस आणि कावागुचिकोला ऊन, किंवा नेमके उलट, असे अनेकदा होते.

तिसरी पायरी : गाडी, चालक आणि गाइड

येथे थोडे सविस्तर सांगणे आवश्यक आहे, कारण फसगत याच टप्प्यावर होते.

भाडे घेऊन प्रवासी नेण्याचा परवाना असलेल्या गाडीची नंबरपाटी जपानमध्ये साधारणपणे हिरवी असते आणि तिच्यावर पांढरी अक्षरे असतात. घरगुती गाडीची पाटी पांढरी आणि अक्षरे हिरवी असतात. आपल्याकडे पिवळी पाटी जे सांगते तेच तेथे हिरवी सांगते. पांढऱ्या पाटीच्या गाडीतून चोरून भाडे मारणाऱ्यांना तेथे ‘शिरोताकु’, म्हणजे पांढरी टॅक्सी, म्हणतात. त्यांचे दर कमी असतात, समाजमाध्यमांवर आपल्याच भाषेत बोलणारा कोणीतरी त्यांची शिफारस करतो, आणि अपघात झाल्यास विमा मिळेलच याची खात्री नसते. म्हणून नोंदणी करताना ‘गाडीची पाटी हिरवी आहे का?’ हा एक प्रश्न सरळ विचारावा. उत्तर टाळले गेले तर ती नोंदणी सोडून द्यावी.

दुसरी गोष्ट म्हणजे चालक आणि गाइड ही दोन कामे आहेत. प्रवासी वाहून नेणाऱ्या चालकाला दुसऱ्या वर्गाचा वेगळा वाहनपरवाना लागतो. गाइडसाठी १९४९ पासून राष्ट्रीय परवान्याची परीक्षा आहे. जानेवारी २०१८ पासून परवाना नसलेल्यांनाही पैसे घेऊन मार्गदर्शन करण्याची मोकळीक मिळाली, मात्र स्वतःला परवानाधारक म्हणवण्याची नाही. त्यामुळे ‘खासगी सहल’ या एकाच नावाखाली तीन वेगवेगळ्या गोष्टी विकल्या जातात. एकीत गाडी आणि थोडे इंग्रजी बोलणारा चालक असतो, तो गाडीपाशीच थांबतो. दुसरीत चालकच गाइडचेही काम करतो, पण गाडी उभी करायला जागा नसेल तर तुमच्याबरोबर चालू शकत नाही. तिसरीत चालक आणि गाइड वेगळे असतात, आणि ती अर्थातच सर्वांत महाग पडते. चौथा प्रकारही आहे, त्यात गाइड असतो पण गाडी नसते आणि प्रवास रेल्वेने होतो. दोघा जणांसाठी तो अनेकदा सर्वांत शहाणपणाचा ठरतो.

बरोबर ज्येष्ठ मंडळी असतील आणि इतिहासात फारसा रस नसेल, तर चालक-गाइड पुरेसा होतो. देवळे, जंगल आणि गुहा समजून घ्यायच्या असतील, तर वेगळा गाइड घ्यावा. हिंदी बोलणारे गाइड शोधल्यास मिळतात, परंतु आई-वडिलांना इंग्रजी कळत नाही एवढ्याच कारणासाठी त्यांचा आग्रह धरू नये. सहा तासांत दोन-तीन वेळा भाषांतर करून सांगणे घरातल्या कोणालाही जमते.

पैशांचे गणित असे मांडावे. टोकियोहून दहा तासांसाठी परवानाधारक गाडी साधारण ५०,००० येनच्या पुढे सुरू होते आणि वेगळा गाइड घेतल्यास रक्कम बरीच वाढते. अलीकडे एक येन म्हणजे साधारण ५५ ते ६० पैसे असा हिशेब धरता येतो. सहा जणांच्या कुटुंबात ही रक्कम वाटली गेली की ती झेपते. जोडप्याला मात्र टोकियोतील शिंजुकूहून थेट बसने किंवा थेट रेल्वेने सुमारे दोन तासांत कावागुचिको गाठून, तेथे पोहोचल्यावर तीन-चार तासांसाठी स्थानिक टॅक्सी ठरवणे फार स्वस्त पडते. दिवसाचा महत्त्वाचा भाग तरीही खासगीच राहतो. हा मधला मार्ग कोणी फारसा सांगत नाही, कारण त्यात दलालाला काही सुटत नाही.

नोंदणीपूर्वी पाठवायच्या पत्रात पुढील गोष्टी स्पष्ट विचाराव्यात : दहा तास कोठून कोठपर्यंत मोजले जातात (हॉटेलच्या दारापासून, की गाडीच्या आगारापासून), महामार्गाचा टोल, वाहनतळाचे पैसे आणि गाइडचे जेवण रकमेत धरले आहे का, वेळ उलटल्यास दर अर्ध्या तासाला किती आकारले जातात, ठिकाणांचा क्रम त्या दिवशी सकाळी बदलता येईल का, आणि डोंगर झाकलेला असल्यास पर्यायी कार्यक्रम काय आहे. शेवटच्या दोन प्रश्नांची उत्तरे ज्याच्याकडून तपशिलात येतात, तो बहुधा चांगला निघतो. ‘फुजी दिसण्याची हमी’ देणारा चांगला निघत नाही.

आसनांचा हिशेबही नीट करावा. सहा-सात आसनांच्या गाडीत सहा जण बसतात, पण त्यांच्या मोठ्या बॅगा बसत नाहीत. लहान मुलाचे आसन हवे असल्यास त्याचे वय आणि वजन आधी कळवावे.

चौथी पायरी : दिवसाची आखणी

हिवाळ्यात साडेसहाला, उन्हाळ्यात सहाला निघावे. याहून उशिरा निघण्याची सूचना आली तर नम्रपणे नाकारावी. न्याहारीच्या वेळेपूर्वीच निघायचे असल्याने हॉटेलमधील सकाळची न्याहारी त्या दिवसापुरती घेऊ नये. आदल्या रात्री काही तरी आणून ठेवावे. डिसेंबरमध्ये सूर्य साडेचारच्या सुमारास मावळतो, म्हणजे दुपारी चारनंतरचा कार्यक्रम कागदावरच राहतो.

पहिला थांबा फुजीयोशिदा गावातील अराकुरायामा उद्यानाचा ठेवावा. पाच मजली लाल चुरेइतो पॅगोडा आणि मागे फुजी हे जगभर पोहोचलेले छायाचित्र येथले. पॅगोडा प्राचीन वाटतो, पण तो १९६३ चा आहे आणि युद्धात मरण पावलेल्यांच्या स्मरणार्थ उभारलेला आहे. वर जायला ३९८ पायऱ्या आहेत. आकडा ऐकून घाबरू नये, जेजुरी किंवा सप्तशृंगी चढलेल्यांना त्या जाणवतही नाहीत. तरीही गुडघ्यांचा त्रास असलेल्यांसाठी बाजूने वळणावळणाचा चढाचा रस्ता आहे. तो कोठून सुरू होतो ते गाइडला विचारावे. साडेआठला येथे पोहोचलात तर फोटोसाठीची रांग लहान असते.

त्यानंतर कावागुचिकोचा उत्तर काठ. सरोवर मध्ये आणि फुजी पलीकडे, असे दृश्य फक्त उत्तर काठावरूनच मिळते, हे नकाशा पाहिल्याशिवाय लक्षात येत नाही, आणि दक्षिण काठावर हॉटेल घेणारे अनेक जण तेथेच चुकतात. ओइशी उद्यानात जूनच्या अखेरीस लॅव्हेंडर फुलते आणि ऑक्टोबरमध्ये कोचियाची गोल झुडपे लाल होतात. वारा पडलेला असेल, तरच पाण्यात उलटा डोंगर दिसतो. मी एकदाच पाहिला, डिसेंबरच्या सकाळी. एक बदक पोहत गेले आणि शिखर मधोमध चिरले गेले, मग ते जुळायला बराच वेळ लागला. गाइडने तेवढा वेळ काही बोलू नये, एवढेच शहाणपण दाखवले.

येथे दिवसाचा निर्णय करावा. आकाश मोकळे असेल तर पश्चिमेकडे, मोतोसुकोला जावे. २००४ मध्ये निघालेल्या हजार येनच्या नोटेच्या मागील बाजूला जो फुजी आहे, तो या सरोवराच्या काठावरून दिसणारा. २०२४ मध्ये नव्या नोटा आल्या असल्या तरी जुनी नोट चलनात आहे. ती हातात धरून समोरच्या डोंगराशी जुळवून पाहण्याचा खेळ मुलांना फार आवडतो. तेथे दुकाने नाहीत म्हटले तरी चालेल, आणि म्हणूनच थांबावे.

फुजीच्या पाचव्या टप्प्यापर्यंत, म्हणजे सुमारे २,३०० मीटर उंचीपर्यंत, गाडी जाते, आणि बहुतेक छापील कार्यक्रमांत हे ठिकाण ठळक अक्षरांत असते. माझे मत वेगळे आहे. फुजीवर उभे राहिल्यावर फुजी दिसत नाही. दिसते ती वरची उघडी उतरण, खालचे ढग आणि दुकाने. शिखर चढायचे नसेल तर येथे जाण्या-येण्यात दोन तास घालवू नयेत. हौस असेल तर जावे, पण तेथे टोकियोपेक्षा दहा-पंधरा अंशांनी थंडी अधिक असते आणि बर्फ पडल्यावर रस्ता बंद होतो, हे ध्यानात ठेवावे.

ओशिनो हाक्काइ या आठ झऱ्यांच्या गावाबद्दल दुमत आहे. फुजीवरचे बर्फ वितळून, लाव्हाच्या थरांतून वर्षानुवर्षे झिरपत हे पाणी तेथे वर येते आणि इतके नितळ असते की तळाची शेवाळाची पाने मोजता यावीत. परंतु दुकानांच्या मधोमध असलेले, सर्वाधिक फोटो काढले जाणारे गोल तळे त्या आठांपैकी नाहीच, ते नंतर केलेले आहे. गाइडने हे स्वतःहून सांगितले तर तो प्रामाणिक समजावा. झऱ्यांत नाणी टाकू नयेत. १९३४ पासून ते संरक्षित नैसर्गिक वारसा आहेत, आणि आपल्याकडे नदी दिसली की नाणे टाकण्याची जी सवय आहे ती येथे आवरावी लागते.

डोंगर दिसला नाही तर

ढग असल्यास वरची सगळी दृश्ये सोडून सरळ साइकोकडे वळावे. तेथील नारुसावा हिमगुहा आणि फुगाकु वायुगुहा या ८६४ च्या लाव्हातून तयार झाल्या. पहिलीत उन्हाळ्यातही बर्फ असते आणि काही ठिकाणी अक्षरशः बसकण मारून पुढे सरकावे लागते. दुसरी बरीच सपाट असून तेथे पूर्वी रेशीमकिड्यांची अंडी थंडाव्यासाठी साठवली जात. ज्येष्ठांनी दुसरी पाहावी. ऑगस्टमध्येही स्वेटर लागतो.

साइकोच्या काठावरचे नेन्बा हे गवताने शाकारलेल्या घरांचे गाव १९६६ मधल्या वादळात डोंगराचा चिखल वाहून आल्याने उद्ध्वस्त झाले आणि गावकरी दुसरीकडे हलवले गेले. २००६ मध्ये त्याच जागी जुन्या पद्धतीची घरे पुन्हा बांधून ते पाहण्यासाठी खुले करण्यात आले. ढगाळ, भुरभुर पावसाच्या दिवशी ते उलट अधिक चांगले दिसते. वस्त्रांची आवड असेल तर कावागुचिकोच्या उत्तर काठावरील कुबोता इचिकु संग्रहालय चुकवू नये. अनेक किमोनो शेजारी शेजारी टांगून एकच निसर्गचित्र पुरे करण्याची त्या कलावंताची कल्पना पैठणीचा पदर पारखणाऱ्या डोळ्यांना थांबवून ठेवते.

जेवण

या भागाचे जेवण म्हणजे ‘होतो’ नावाचा पदार्थ : कणकेच्या रुंद पट्ट्या, लाल भोपळा आणि भाज्या घालून मिसोमध्ये, म्हणजे आंबवलेल्या सोयाबीनच्या लगद्यात, शिजवलेल्या, लोखंडी भांड्यात उकळत असतानाच समोर येणाऱ्या. पाहताच वरणफळांची आठवण येते. शाकाहारी माणसाने मात्र येथे फसू नये, कारण वर भाजी दिसत असली तरी खालचा रस्सा बहुधा सुक्या मासळीच्या ‘दाशी’वर केलेला असतो. ‘मांस चालत नाही’ एवढे सांगून भागत नाही, कारण मासळीला मांसात न धरणारे तेथे पुष्कळ आहेत. नोंदणी करतानाच ‘मांस, मासे, मासळीचा रस्सा चालत नाही, दूध चालते, अंडे चालते किंवा नाही’ असे एकेक करून लिहावे आणि गाइडला आदल्या दिवशी उपाहारगृहाला फोन करायला सांगावा. कांदा-लसूण वर्ज्य असणाऱ्यांनी तर डबाच न्यावा. दशम्या, गूळपोळी किंवा लाडू बरोबर असले की दिवस कोणाच्या मर्जीवर राहत नाही. ऐन वेळी कोंबिनीतील, म्हणजे कोपऱ्याकोपऱ्यावरच्या छोट्या दुकानातील, उमेबोशी (जर्दाळूसारख्या फळाचे आंबट-खारट लोणचे) भरलेला भाताचा गोळा बहुधा सुरक्षित असतो, तरीही वेष्टनावरील घटक फोनच्या भाषांतराने तपासावेत.

बरोबर काय असावे, कसे वागावे

चालायला सवयीचे बूट, वाऱ्याला अडवणारे जाकीट, हजार येनच्या काही नोटा आणि शंभर येनची नाणी, आणि कचऱ्यासाठी एक पिशवी, कारण रस्त्यावर कचरापेट्या जवळपास नसतात आणि आपला कचरा आपणच परत आणायचा असतो. गाडीत खाण्यापूर्वी चालकाला विचारावे. फोटोसाठी रस्त्याच्या मधोमध किंवा कोणाच्या अंगणात उभे राहू नये. २०२४ मध्ये कावागुचिको गावात एका दुकानामागे दिसणाऱ्या फुजीसाठी एवढी झुंबड उडाली की प्रशासनाला तेथे काळा पडदा लावावा लागला होता.

वेळेबद्दल एक गोष्ट जपावी. ‘दहा वाजून वीस मिनिटांनी गाडीपाशी’ असे ठरले तर दहा वाजून पंधरा मिनिटांनी तेथे असावे. कोणी उशीर केला तर गाइड रागावत नाही, फक्त कार्यक्रमातील शेवटचे ठिकाण मुकाट्याने गळते. दहा तास पूर्ण होण्याच्या आत चालकाला गाडी परत न्यायची असते, त्यात त्याचाही इलाज नसतो.

परतताना रात्रीच्या जेवणाची किंवा शिंकान्सेन या वेगवान रेल्वेची वेळ पक्की केलेली नसावी. रस्ता मोकळा असला तर ठरलेल्या वेळेत टोकियोत पोहोचता येते, नसला तर बराच उशीर होतो. मुक्कामाच्या हॉटेलऐवजी वाटेतल्या एखाद्या मोठ्या रेल्वे स्थानकावर उतरल्यास शहरातला अर्धा-पाऊण तास वाचतो, आणि ही सवलत मागितल्यास बहुतेक वेळा मिळते.

उतरताना बक्षिशी देऊ नये, तेथे तशी रीत नाही आणि दिली तर चालक ती परत करण्यासाठी मागे धावतो. मनापासून काही द्यावेसे वाटले तर घरून आणलेला चिक्कीचा किंवा लाडवांचा छोटा खोका दोन्ही हातांनी द्यावा. आमच्या दुसऱ्या सहलीच्या चालकाने लोणावळ्याच्या चिक्कीचा खोका असाच घेतला, कमरेत वाकला, आणि मग हिशेबाच्या कागदावर टोलची पावती पिनने लावून ती आमच्या हातात ठेवली. तिच्यावर ठरल्यापेक्षा १२० येन कमी आकारले गेले होते, आणि ते त्याने सुटी नाणी मोजून परत दिले.